फ्लॉरेन्सचे वाटाडे

१८६५ साली ‘ब्लॅकवुड्स’ या ब्रिटिश मासिकात एक खवचट लेख छापून आला. लेखाखाली टोपणनाव होतं, लिहिणारा होता चार्ल्स लिव्हर. हा आयरिश कादंबरीकार बरीच वर्षं फ्लॉरेन्समध्ये राहिलेला होता आणि त्या सुमारास ला स्पेत्सिया बंदरात ब्रिटनच्या वकिलातीचं काम पाहत होता. त्याची तक्रार अशी, की इटलीतल्या शहरांमधून हल्ली इंग्रज प्रवाशांचे चाळीस-चाळीसचे तांडे फिरू लागले आहेत आणि त्यांचा म्होरक्या कधी पुढे, कधी मागे, मेंढरं राखणाऱ्या कुत्र्यासारखा धावत असतो. तेवढ्यावर त्याचं समाधान झालं नाही. हे लोक म्हणजे ऑस्ट्रेलियाने घ्यायला नकार दिलेले कैदी असून ब्रिटिश सरकार त्यांना थोडेथोडे करून इटलीत सोडत आहे, अशी थाप आपणच स्थानिक लोकांत पसरवून दिल्याचंही त्याने ऐटीत सांगून टाकलं.

म्होरक्या होता थॉमस कुक. सुतारकाम शिकलेला, बाप्टिस्ट पंथाचा प्रचारक आणि दारूबंदीचा कट्टर कार्यकर्ता. १८४१ साली दारूबंदीच्या एका सभेसाठी पाचेकशे माणसं आगगाडीने लेस्टरहून लफबरोला नेण्यापासून त्याने सुरुवात केली आणि १८६४ साली पहिल्यांदा इटलीची सहल काढली. लिव्हरच्या लेखाने तो इतका भडकला, की त्याने प्रकरण थेट परराष्ट्रमंत्र्यापर्यंत नेलं. हाती काही लागलं नाही. कुकच्या गटांत शाळामास्तर असत, छोटे व्यापारी असत, पाद्री असत आणि एकट्यादुकट्या प्रवास करणाऱ्या बायकाही बऱ्याच असत. कालपर्यंत जे शहर लॉर्डांच्या मुलांचं होतं, ते आता परतीच्या तिकिटात बसू लागलं होतं. लिव्हरचं खरं दुखणं ते.

कारण वाटाड्यामागून पायी फ्लॉरेन्स पाहण्याची रीत तेव्हा मुळीच नवी नव्हती. शहराची ठेवणच तशी. शेवटचा तट १३३३ साली पुरा झाला आणि पुढची पाच शतकं शहर त्याच्या आतच राहिलं. दुओमो या मुख्य चर्चच्या घुमटापासून आर्नो नदीवरच्या पोंते वेक्किओपर्यंत रमतगमत गेलं तरी दहा-पंधरा मिनिटं पुरतात. मधल्या गल्ल्या अशा, की समोरून हातगाडी आली तरी भिंतीला चिकटून उभं राहावं. घोडागाडीत बसून हे शहर दिसत नाही. दिसतात ते फक्त दरवाजे.

१५१० साली फ्रान्चेस्को अल्बेर्तिनी नावाच्या पाद्र्याने फ्लॉरेन्समधल्या चित्रांची आणि मूर्तींची एक चिमुकली पुस्तिका छापली. कुठल्या चर्चमध्ये काय आहे आणि कोणाच्या हातचं आहे, याची ती मोहल्लावार यादी. मायकेलॅन्जेलोचा डेव्हिड चौकात उभा राहून तेव्हा जेमतेम सहा वर्षं झाली होती. पुढे १५९१ साली फ्रान्चेस्को बोक्कीने ‘फ्लॉरेन्स नगरीची सौंदर्यं’ अशा अर्थाच्या नावाचा मोठा ग्रंथ लिहिला. यादी करण्याऐवजी बोक्कीने वाचकाला वेशीतून आत घेतलं आणि रस्त्यारस्त्याने फिरवलं. हा वाडा, पुढे हे चर्च, त्यात ही वेदी. आज वाटाडे ज्या क्रमाने शहर दाखवतात, त्याची पहिली छापील आवृत्ती म्हणजे बोक्कीचं हे पुस्तक. अर्थात बोक्की मेदिची घराण्याच्या राजवटीत लिहीत होता. त्याच्या पुस्तकात घाण गटारं आणि भुकेले विणकर सापडणार नाहीत. वाटाड्यांची ही सवय फार जुनी.

अठराव्या शतकात धंद्याला खरा बहर आला. इंग्रज उमरावांची मुलं शिक्षण पुरं करायला म्हणून वर्ष-दोन वर्षं युरोपभर फिरत आणि इटली हा त्या फेरीचा कळस. सोबत एक शिक्षक असे. त्याला इंग्रजीत जे चेष्टेचं नाव होतं, त्याचा मराठीतला अर्थ सरळ ‘दरवेशी’: अस्वलाला दोरी बांधून गावोगाव फिरवणारा. अस्वल कोण, ते सांगायला नको. शहरात पोहोचल्यावर दरवेशी पुरा पडत नसे, मग स्थानिक माणूस लागे. त्यातही दोन थर होते. वरचा थर ‘चिचेरोनें’चा. हे लॅटिन जाणणारे, जुनी नाणी-शिल्पं ओळखणारे, बऱ्याचदा त्यांची दलालीही करणारे. खालच्या थरात रोजावर मिळणारे नोकर. ते सकाळी सराईत हजर होत, चर्चच्या किल्ल्या कोणाकडे असतात ते त्यांना माहीत असे, आणि दुकानदाराकडून कमिशन किती घ्यायचं तेही. आज मार्गदर्शक गिऱ्हाइकाला चामड्याच्या ठरावीक दुकानात का नेतो, असा प्रश्न पडणाऱ्यांनी हा दुसरा थर लक्षात ठेवावा.

या काळातलं फ्लॉरेन्स-दर्शन कसं चाले, याचं एक अप्रतिम चित्र योहान झोफनीने काढून ठेवलं आहे. हाच झोफनी पुढे कलकत्ता आणि लखनौला येऊन नवाब आणि कंपनीचे साहेब रंगवू लागला. १७७२ साली इंग्लंडच्या शार्लट राणीने त्याला फ्लॉरेन्सला धाडलं ते उफिझी संग्रहालयातलं ‘त्रिबूना’ हे दालन रंगवायला. त्रिबूना म्हणजे लाल मखमलीच्या भिंती आणि शिंपल्यांनी मढवलेला घुमट असलेली अष्टकोनी खोली. झोफनीने खोली रंगवली आणि तिच्यात दोन डझनांच्या आसपास इंग्रज सद्गृहस्थ कोंबले. कोणी तिझिआनोच्या व्हीनसभोवती कोंडाळं करून उभे, कोणी भिंग लावून संगमरवरी व्हीनसचा पार्श्वभाग न्याहाळतोय, कोणी नुसताच गप्पा छाटतोय. तिझिआनोचं चित्र भिंतीवरून उतरवून एका माणसाने हाताने धरलं आहे. तो पिएत्रो बास्तिआनेल्ली, संग्रहालयाचा राखणदार. जमलेल्या एवढ्या मंडळींत कामावर असलेला हा एकटाच. चित्र १७७७ साली पुरं झालं तेव्हा राणी नाराज झाली. तिने कलाकृती मागितल्या होत्या, पर्यटक नव्हे.

हे सगळं तिथे पाहायला शिल्लक होतं याचं श्रेय एका बाईला जातं. मेदिची घराण्याचा शेवटचा ड्यूक १७३७ साली निपुत्रिक वारला आणि राज्य लॉरेनच्या घराण्याकडे गेलं. मेदिचींची शेवटची वारस आन्ना मारिया लुइझा. तिने नव्या राज्यकर्त्याशी करार केला: घराण्याची चित्रं, मूर्ती, ग्रंथ, रत्नं सगळं राज्याला देते, पण त्यातली एकही वस्तू फ्लॉरेन्सबाहेर जाता कामा नये. करारात तिने कारणंही नोंदवून ठेवली. राज्याची शोभा, लोकांचा उपयोग आणि परक्या देशांच्या लोकांचं कुतूहल. शहर परदेशी पाहुण्यांवर जगू शकतं हे १७३७ साली कायद्याच्या कागदावर लिहून ठेवणारी ही बाई आजच्या कुठल्याही पर्यटनमंत्र्याहून दूरदर्शी म्हणायला हवी. १७६९ साली उफिझी सर्वांसाठी खुलं झालं. अनेक राजघराण्यांचे खजिने वाटण्यांत आणि लिलावांत विखुरले. फ्लॉरेन्समध्ये मात्र वाटाड्याला दाखवायला माल उरला.

काय दाखवायचं, ते मात्र दर पिढीला बदलत गेलं. अठराव्या शतकातल्या पाहुण्यासाठी उफिझीचं शिखर म्हणजे त्रिबूनातली ती संगमरवरी ‘मेदिची व्हीनस’. लोक तिच्यासमोर तासन् तास उभे राहत, वह्या भरून वर्णनं लिहीत. नेपोलियनने ती उचलून पॅरिसला नेली तेव्हा शहराने सुतकच पाळलं. त्याच्या पराभवानंतर ती परत आली. नेमक्या १८१५ साली, कोणाचं फारसं लक्ष नसताना, दुसरी एक व्हीनस उफिझीत दाखल झाली. बोत्तिचेल्लीचं ‘व्हीनसचा जन्म’ तोवर शहराबाहेरच्या कास्तेल्लो गावातल्या मेदिचींच्या हवेलीत पडून होतं. संग्रहालयात आल्यावरही अनेक दशकं वाटाडे तिच्यापुढे थांबत नव्हते. बोत्तिचेल्ली हा राफाएलच्या आधीचा, म्हणजे कच्चा, अशी समजूत होती. १८७० साली वॉल्टर पेटर या इंग्रज समीक्षकाने त्याच्यावर लेख लिहिला, जॉन रस्किन या दुसऱ्या समीक्षकाने व्याख्यानं दिली, आणि वारं फिरलं. आता बोत्तिचेल्लीच्या दालनात मोबाइल उंच धरलेल्या हातांची दाटी असते. त्रिबूनाच्या आत आज पाऊल टाकता येत नाही, ती उंबऱ्यावरूनच पाहायची. बहुतेक गट तिथे अर्धं मिनिट घुटमळतात आणि पुढे सरकतात.

एकोणिसाव्या शतकात वाटाड्याला प्रतिस्पर्धी उभा राहिला: खिशात मावणारं पुस्तक. लंडनच्या मरेने १८४२ साली उत्तर इटलीचं हस्तपुस्तक काढलं, त्यात फ्लॉरेन्स होतं. मागोमाग जर्मन बेडेकरची लाल पुठ्ठ्याची पुस्तकं आली. हॉटेल कुठलं, टांगेवाल्याला किती द्यायचे आणि कुठल्या चित्रासमोर थांबायचं हे सगळं छापील मिळू लागल्यावर सराईत ताटकळणाऱ्या नोकराची गरज कोणाला? त्या काळातल्या प्रवासवर्णनांत वाटाड्याची टवाळी हा ठरलेला मसाला आहे. मार्क ट्वेन १८६७ साली मित्रांबरोबर इटलीत फिरला. भेटेल त्या वाटाड्याला ही मंडळी ‘फर्ग्युसन’ अशीच हाक मारत (पुणेकरांनी मनावर घेऊ नये). जिनोआत वाटाड्याने मोठ्या अभिमानाने कोलंबसाचा अर्धपुतळा दाखवला, तेव्हा यांनी मख्ख चेहऱ्याने विचारलं, हे गृहस्थ वारले का? ट्वेन फ्लॉरेन्समध्ये मात्र वाटाड्याशिवाय रात्री फिरायला निघाला आणि पहाटेपर्यंत रस्ता चुकून भटकत राहिला. तेही त्याने लिहून ठेवलं आहे.

जॉन रस्किनने तर पुस्तकालाच वाटाडा केलं. ‘मॉर्निंग्ज इन फ्लॉरेन्स’ हे त्याचं पुस्तक १८७५ ते १८७७ या काळात हप्त्याहप्त्याने निघालं. सहा हप्ते, सहा सकाळी. ऊन कुठल्या वेळी आत येतं, कुठे उभं राहायचं, कशाकडे ढुंकूनही पाहायचं नाही, सगळं हुकमी सुरात. त्याची भक्ती जोत्तो या जुन्या चित्रकारावर. सांता क्रोचे चर्चमधल्या बार्दी घराण्याच्या कक्षातली भित्तिचित्रं मधल्या काळात चुन्याखाली गेली होती. १८५०च्या सुमारास ती उकलली आणि गाएतानो बियांकी नावाच्या चित्रकाराने त्यांच्यातली खिंडारं भरून काढली. रस्किनने ज्या संत लुईच्या आकृतीवर पानंच्या पानं उधळली, तिचा बराचसा भाग जोत्तोचा नसून बियांकीचा होता. विसाव्या शतकाच्या मध्यावर जीर्णोद्धार झाला तेव्हा बियांकीचे रंग काढून टाकण्यात आले. आज त्या भिंतीवर अधूनमधून कोऱ्या जागा दिसतात. चांगला वाटाडा त्या कोऱ्या जागांपाशी थांबतो, कारण त्यांची गोष्ट रस्किनच्या व्याख्यानाहून रंगतदार आहे.

याच चर्चमध्ये ई. एम. फॉर्स्टरने १९०८च्या ‘अ रूम विथ अ व्ह्यू’ या कादंबरीत आपल्या नायिकेला बेडेकरविना उभं केलं. कुठली कबर थोर आणि कुठल्या चित्राचं कौतुक करायचं हे सांगायला कोणी नसल्यामुळे लूसी बिचारी आधी रडकुंडीला येते, मग हळूहळू रमते. मार्गदर्शनाच्या धंद्यावर इतकी नेमकी आणि इतकी प्रेमळ टीका दुसरीकडे मिळणं कठीण.

मधल्या काळात शहरही तेच राहिलं नव्हतं. १८६५ साली फ्लॉरेन्स एकीकृत इटलीची राजधानी झालं. राजधानीला साजेसे रुंद रस्ते हवेत म्हणून जुसेप्पे पोज्जी या वास्तुविशारदाने नदीच्या उत्तरेकडचा जुना तट जवळजवळ सगळा पाडला. नगरवेशी तेवढ्या ठेवल्या. त्या आज वाहनांच्या वर्तुळात एकट्या उभ्या आहेत. सहा वर्षांत राजधानी रोमला गेली आणि फ्लॉरेन्सच्या पदरात कर्ज राहिलं. तरीही कुदळ थांबली नाही. १८८५ पासून पुढच्या दहा वर्षांत मध्ययुगीन जुना बाजार, त्याच्याभोवतीच्या गल्ल्या, चर्चं आणि ज्यूंची वस्ती असं सगळं भुईसपाट झालं. त्या जागी आजचा पियाझ्झा देल्ला रेपुब्लिका आला. तिथल्या मोठ्या कमानीवर शहराच्या गाभ्याला शतकांच्या दैन्यातून नवं जीवन दिल्याची फुशारकी कोरलेली आहे. वाटाडे ही कमान दाखवतात तेव्हा गटातले लोक ती रोमन असावी अशा समजुतीने फोटो काढतात. ती १८९५ची आहे.

पाडापाडीची पुढची पाळी पोंते वेक्किओच्या आसपासच्या गल्ल्यांची होती. तेव्हा मात्र लोक खवळले. १८९८ साली जुनं फ्लॉरेन्स वाचवण्यासाठी संस्था उभी राहिली, व्हर्नन ली या तिथे स्थायिक झालेल्या इंग्रज लेखिकेने लंडनच्या वर्तमानपत्रातून हाकाटी केली आणि बेत बारगळला. ज्या गल्ल्या तेव्हा वाचवल्या, त्यांतल्या कितीतरी ऑगस्ट १९४४ मध्ये माघार घेणाऱ्या जर्मन सैन्याने सुरुंग लावून उडवल्या. पूल तेवढा ठेवला, त्याच्या दोन्ही टोकांची घरं जमीनदोस्त केली. आज पुलाच्या तोंडाशी असलेल्या इमारती नीट पाहिल्या तर त्या युद्धानंतरच्या आहेत हे कळतं.

जुनं गेल्यावर जुन्याची हौस वाढते. दान्तेचं घर म्हणून जी दगडी वास्तू दाखवली जाते ती १९११ सालची. जवळच ‘दान्तेचा दगड’ म्हणून पाटी आहे. या दगडावर बसून कवी दुओमोचं बांधकाम पाहत असे म्हणतात. पालाझ्झो वेक्किओच्या कोपऱ्यावर, माणसाच्या डोक्याच्या उंचीला, भिंतीच्या दगडात एक चेहरा खरवडलेला दिसतो. मायकेलॅन्जेलोने भिंतीकडे पाठ करून, हात मागे घेऊन तो कोरला, अशी कथा प्रत्येक गटाला ऐकवली जाते. कथेला त्या काळातला काडीचा आधार नाही. तरीही ती ऐकल्यावर माणसं भिंतीजवळ जातात, वाकून बघतात, बोट फिरवून पाहतात. एरवी त्या दगडाकडे कोणी पाहिलं असतं? वाटाड्याची थाप आणि वाटाड्याचं ज्ञान यांच्यातली रेघ नेहमीच अशी पुसट असते.

ती रेघ ओढायला सरकार उतरलं. मुसोलिनीच्या काळात, १९३१च्या सार्वजनिक सुरक्षेच्या कायद्याने, मार्गदर्शकाला पोलिसांचा परवाना सक्तीचा झाला. परक्या माणसांशी दिवसभर परक्या भाषेत बोलणाऱ्यावर नजर असावी, हा त्यातला सरळ हिशेब. पुढे परवान्याचं काम पोलिसांकडून प्रांतांकडे गेलं, परीक्षा आल्या, आणि १९८३च्या कायद्याने दोन वेगळे व्यवसाय मानले: प्रवाशांसोबत राहून त्यांची सोय पाहणारा, आणि वास्तूपुढे उभा राहून माहिती सांगणारा. डिसेंबर २०२३ मध्ये मार्गदर्शकांसाठी देशभर एकच यादी आणि एकच परीक्षा ठरवणारा नवा कायदा झाला. मुंबई-पुण्याहून निघालेल्या सहलींत हा फरक मराठी प्रवाशांना रोज दिसतो. विमानतळापासून सोबत असलेला, पिठलं-भाकरीची सोय बघणारा, विनोद सांगणारा टूर मॅनेजर पियाझ्झा देल्ला सिन्योरियात आला की गप्प होतो आणि तिथून पुढे गळ्यात बिल्ला अडकवलेली इटालियन बाई बोलू लागते. तिचं इंग्रजी कळेना म्हणून मंडळी त्याच्याकडे वळतात. तो कानात कुजबुजतो. कायद्याने त्याला तेवढीच मुभा.

कुजबुज आता यंत्रानेही होते. प्रत्येकाच्या गळ्यात छोटा रिसीव्हर, एका कानात इयरफोन. मार्गदर्शक हळू आवाजात बोलतो आणि वीस पावलं मागे रेंगाळणाऱ्यालाही ऐकू जातं. लांबून पाहणाऱ्याला मात्र डझनभर माणसं काहीही कारण नसताना एकदम वर पाहताना दिसतात. गर्दीला कंटाळलेल्या शहरांनी हा उपाय जवळपास सक्तीचाच केला आहे. व्हेनिसने २०२४ साली गटाला २५ माणसांची मर्यादा घातली आणि ध्वनिवर्धकावर बंदी आणली. त्याच वर्षी फ्लॉरेन्सनेही जुन्या शहरात मार्गदर्शकांच्या ध्वनिवर्धकांना मनाई केली. लिव्हरला ज्या चाळिसांच्या तांड्याचा राग होता, तो दीडशे वर्षांनी नगरपालिकेच्या नियमपुस्तकात शिरला.

आठ-दहा किंवा फार तर पंधरा जणांच्या गटाची पायी सहल आता जागोजागी विकली जाते, त्यामागे हेच. ती महाग पडते, कारण मार्गदर्शकाची फी सहसा गटावर ठरते. डोकी कमी तर माणशी वाटा जास्त. पण जे तीस जणांना दाखवता येत नाही ते अशा गटाला दाखवता येतं. उदाहरणार्थ ओरसान्मिकेले. हे मूळचं धान्याचं कोठार, पुढे चर्च झालेलं. बाहेरच्या भिंतींत एकेका व्यवसाय-संघाने आपल्या संताची मूर्ती बसवली. दगड आणि लाकूड घडवणाऱ्यांच्या संघाने नान्नी दी बांकोकडून चार संत करून घेतले. मोठे गट संतांकडे पाहून पुढे जातात. संतांच्या पायाखालची पट्टी पाहायला नजर खाली आणावी लागते आणि अगदी जवळ उभं राहावं लागतं. तिच्यात चार कारागीर आपापल्या कामात बुडालेत. एक गवंडी भिंत रचतोय, एक जण सामत्याने दगडात भोक पाडतोय, एक जण खांबाच्या शिरोभागाचं माप घेतोय, आणि चौथा एका गुटगुटीत बाळाची मूर्ती घडवतोय. सहाशे वर्षांपूर्वीची ही कारागिरांची साधी हजेरी, आणि ती संतांहून जिवंत आहे.

किंवा दारूच्या खिडक्या. जुन्या वाड्यांच्या भिंतीत, दाराच्या बाजूला, जेमतेम वीतभर रुंद आणि फूट-सव्वाफूट उंच अशी कमानदार दगडी चौकट दिसते. खेड्यांत द्राक्षमळे असलेली श्रीमंत घराणी आपली वाइन घरातूनच किरकोळ विकत. गिऱ्हाइकाने रस्त्यावर उभं राहून खिडकीवर टकटक करायची, रिकामी बाटली आणि पैसे आत द्यायचे, भरलेली बाटली बाहेर यायची. मालकाला गिऱ्हाइकाचं तोंडही पाहावं लागत नसे. १६३०च्या प्लेगमध्ये ही सोय फारच कामी आली. पुढे त्या विटांनी बुजल्या, काहींची टपालपेटी झाली, काहींवर दारावरची घंटा बसली. २०१५ साली काही हौशी लोकांनी संस्था काढून त्यांची मोजदाद सुरू केली, तेव्हा एकट्या जुन्या शहरात दीडशेहून जास्त सापडल्या. २०२०च्या कोरोनात काही दुकानदारांनी त्या पुन्हा उघडल्या. बोक्कीने, मरेने, रस्किनने त्यांच्याकडे कधी बोट दाखवलं नाही.

विया दे’ नेरीच्या कोपऱ्यावरच्या दोन पाट्याही अशाच. खालच्या जुन्या दगडी पाटीवर लाटा आणि त्यांना टेकलेलं हाताचं बोट कोरलेलं आहे: १३३३च्या पुरात पाणी इथवर चढलं होतं. तिच्या वर १९६६च्या पुराची पाटी. दोन्ही पुरांची तारीख एकच, ४ नोव्हेंबर. १९६६च्या पुराने सांता क्रोचेतला चिमाबुएचा लाकडी क्रूस जवळजवळ नासवला, हजारो ग्रंथ चिखलात गेले, आणि देशोदेशींची तरुण मुलं तो चिखल उपसायला धावली.

मराठी माणसासाठी फ्लॉरेन्समध्ये आणखी दोन थांबे आहेत. नेहमीच्या पायी सहलीत ते नसतात. पहिला, रंगीत दगडांच्या जडावकामाची सरकारी कर्मशाळा आणि तिचं छोटं संग्रहालय. १५८८ साली मेदिचींनी ती स्थापन केली. जुन्या गोव्यात बॉम जेझुस बॅसिलिकेत सेंट फ्रान्सिस झेवियरच्या शवपेटीखाली जो संगमरवरी चौथरा आहे, तो तिसऱ्या कोझिमो मेदिचीची भेट. ड्यूकचा शिल्पकार जोव्हान्नी बात्तिस्ता फोज्जिनीने तो घडवायला दहाएक वर्षं घेतली. प्लाचिदो रांपोनी नावाचा कारागीर सुट्या भागांच्या पेट्यांबरोबर समुद्रमार्गे गोव्याला आला आणि १६९८ साली त्याने तो जागेवर उभा केला. गोव्यात तो चौथरा पाहिलेल्यांना या संग्रहालयात शिरल्याबरोबर तेच हात ओळखू येतील.

दुसरा थांबा नदीकाठी, शहराच्या पश्चिम टोकाला. करवीरचे छत्रपती राजाराम महाराज १८७० साली इंग्लंडला गेले. व्हिक्टोरिया राणीला भेटले, पाहिलेलं रोजनिशीत इंग्रजीत लिहीत गेले. परतीच्या वाटेवर युरोपातून येताना प्रकृती ढासळली आणि ३० नोव्हेंबर १८७० रोजी फ्लॉरेन्समधल्या एका हॉटेलात त्यांचं निधन झालं. वय अवघं वीस. इटलीत तेव्हा दहनाची रीत नव्हती. मिलानमधलं पहिलं आधुनिक दहन व्हायला अजून पाच वर्षांहून जास्त काळ होता. सोबतच्या मंडळींना विधीसाठी दोन नद्यांचा संगम हवा होता. शहराच्या अधिकाऱ्यांनी खास परवानगी दिली आणि आर्नोला मुन्योने नदी मिळते तिथे, काशिने उपवनाच्या टोकाला, रात्री महाराजांवर अंत्यसंस्कार झाले. १८७४ साली त्या जागी छत्री उभी राहिली. तिचा आराखडा चार्ल्स मँटचा, ज्याने पुढे कोल्हापूरचा नवा राजवाडा बांधला. छत्रीखालचा अर्धपुतळा चार्ल्स फ्रान्सिस फुलरचा. महाराजांची रोजनिशी कॅप्टन वेस्टने संपादित करून १८७२ साली लंडनला छापली. कोल्हापूरचं राजाराम कॉलेज त्यांच्याच नावाचं. फ्लॉरेन्सवाले या भागाला ‘इंदियानो’ म्हणतात आणि १९७०च्या दशकात जवळच आर्नोवर बांधलेल्या मोठ्या पुलाचं नावही तेच आहे.

जुन्या शहरातून नदीकाठाने तिथवर तासाभराची चाल आहे. तिकीट नाही, रांग नाही. इंग्रजी बोलणाऱ्या गटांना वाटाडे तिथे सहसा नेत नाहीत, कारण मागणी नाही. फ्लॉरेन्सला जाणाऱ्या मराठी मंडळींनी ती करावी. सहल ठरवतानाच, पैसे भरण्याआधी, कार्यक्रमात छत्री लिहून घ्यावी. तिथे पोहोचल्यावर सांगितलं तर बसची वेळ झालेली असते.